हर्लिंग प्लेयरचं करिअर कसं वाचायचं

आयर्लंडच्या हर्लिंग या काठी आणि बॉलच्या खेळातल्या कुठल्याही खेळाडूचं पेज उघडलं की आकडे बघून डोकं गरगरतं, म्हणून आधी स्कोअर शिकून घ्या. डॅशच्या आधी गोल, नंतर पॉइंट. बॉल जाळ्यात गेला तर गोल म्हणजे ३, आडव्या दांडीच्या वरून गेला तर १. म्हणजे हर्लिंगचा निवृत्त स्टार हेन्री शेफलिन याचे चॅम्पियनशिपमधले २७-४८४ हे ८१ अधिक ४८४, एकूण ५६५ झाले. कळलं ना?

मग क्लब (गावची टीम) आणि काउंटी (जिल्ह्याची टीम) वेगवेगळे धरा. शेफलिनचा क्लब बॅलीहेल शॅमरॉक्स, काउंटी किलकेनी. इथे आयपीएलसारखा लिलाव वगैरे नाही, साधारणपणे ज्या गावचा त्याच टीमचा, आणि खेळायचा पगार शून्य! ऐंशी हजार लोकांसमोर डब्लिनच्या क्रोक पार्क स्टेडियममध्ये फायनल खेळून माणूस परत आपल्या नोकरीवर जातो, मला तर हे मेडलपेक्षा भारी वाटतं.

मेडल मोजताना ऑल-आयर्लंड (काउंटींची देशपातळीवरची चॅम्पियनशिप) आधी बघा, शेफलिनची १० आहेत, २००० ते २०१४. ऑल स्टार ११, ते वर्षाच्या बेस्ट टीममध्ये निवडल्याबद्दल मिळतात.

पण नुसती मेडल मोजू नका हो, रिकामी वर्षं पण बघा. २०१० ला किलकेनी सलग पाचव्या टायटलसाठी उतरली, शेफलिन दुखऱ्या गुडघ्यावर खेळायला आला आणि सुरुवातीलाच बाहेर गेला, समोरची काउंटी टिपरेरी जिंकली. २०१२ ला मात्र तोच हर्लर ऑफ द इयर, तेही तिसऱ्यांदा.