साकेची कुरा बघायला जाताय? मग या चुका टाळा

मी ओसाकात राहते. दर हिवाळ्यात पुण्यामुंबईहून कुणी ना कुणी येतं आणि "एखादी साके ब्रुअरी दाखव ना" म्हणतं, आणि मी हौसेने नेते, कारण मला स्वतःलाच त्या जागा फार आवडतात. पण त्याच त्याच चुका दरवर्षी बघून आता थकले, म्हणून एकदाचं लिहून टाकते.

आधी एक शब्दाची गोष्ट. जपानीत साके म्हणजे कुठलीही दारू, आपण जिला साके म्हणतो ती तांदळाची दारू तिथे निहोनशु. आणि ती जिथे बनते ती कुरा.

सगळ्यात मोठी चूक: सकाळी नात्तो खाऊन जाणं

हे वाचून लोकांना वाटतं मी उगाच बाऊ करते. नात्तो म्हणजे आंबवलेले सोयाबीन, तार सुटणारे, हॉटेलच्या ब्रेकफास्टला हमखास असतात आणि जपानला आल्यावर एकदा तरी खाऊन बघायचेच असं प्रत्येकाने ठरवलेलं असतं. खा की, पण कुरा बघायच्या दिवशी नको.

कारण सांगते. तांदळात साखर नसते, असतो स्टार्च. नाशिकला वायनरीत द्राक्षात साखर आयतीच असते, इथे ती तांदळातून काढावी लागते, आणि ते काम करते कोजी नावाची बुरशी. वाफवलेल्या तांदळावर ती पेरतात आणि ऊबदार खोलीत साधारण दोन दिवस सांभाळतात, रात्री उठून उठून तापमान बघतात. नात्तोच्या जिवाणूंना नेमकं तेच ऊबदार, दमट वातावरण आवडतं. ते कोजीपेक्षा भराभर वाढतात, त्यांचे बीजाणू उकळत्या पाण्यालाही दाद देत नाहीत, आणि एकदा शिरले की कोजी बुळबुळीत होऊन सगळी फेकावी लागते. कुरात काम करणारी माणसं हंगामभर, म्हणजे ऑक्टोबर ते मार्च-एप्रिल, नात्तोला हात लावत नाहीत. आपल्या घरी लोणच्याच्या बरणीत कुणी ओला हात घातला तर आजी काय करेल? इथे तर त्या बरणीवर अख्ख्या घराण्याचं वर्षाचं पोट असतं.

मागे फेब्रुवारीत पुण्याचा एक मित्र सहकुटुंब आला होता. क्योतोच्या बाजूला एक छोटी कुरा आहे, तिथे बाहेरच्यांना पहाटे तांदूळ वाफवताना बघू देतात, पण मोजक्याच लोकांना आणि मोजकेच दिवस. मी दोन महिने आधी फोन करून, जपानीत चार वेळा विनवून ती जागा मिळवली होती. आम्ही सातला दारात पोचलो, मालकीणबाईंनी वाकून नमस्कार केला आणि विचारलं, आज किंवा काल नात्तो कुणी खाल्लंय का? मित्राने प्रामाणिकपणे हात वर केला, आदल्या रात्रीच हॉटेलशेजारच्या दुकानातून आणून खाल्लं होतं. बाईंनी पुन्हा वाकून माफी मागितली, त्याला पुढच्या दुकानात बसवलं, गरम चहा दिला, आणि आम्ही बाकीचे आत गेलो. आत ती वाफ छतापर्यंत चढलेली, भाताचा तो गोड वास, माणसं गरम तांदूळ कापडात घेऊन अक्षरशः पळत होती आणि त्याची बायको सारखी मागे वळून दाराकडे बघत होती. तो पुण्याहून याच एका गोष्टीसाठी आला होता. मी त्याला आधी सांगायला हवं होतं, ते मला अजून लागतं. पण त्याने खोटं बोलून आत शिरायचा प्रयत्न केला नाही याबद्दल मला त्याचा आदरच वाटतो, कारण "मी नाही सांगितलं तर कळणार कुणाला" म्हणणारी माणसंही मी पाहिलीत आणि त्यांना मी परत कुठे नेलं नाही.

माझा नियम आता साधा आहे: आदल्या दिवसापासून नात्तो बंद. दही आणि संत्र्यालासुद्धा काही ठिकाणी नको म्हणतात, तेव्हा बुकिंग करतानाच विचारून घ्या. परफ्यूम, अत्तर, वासाचं हॅंडक्रीम, काही नको. ते टेस्टिंगसाठीही नको, शेजारच्याला साकेचा वास न येता तुमचाच येतो.

उन्हाळ्यात जाऊन "इथे तर काहीच चालू नाही" म्हणणं

पारंपरिक साके थंडीत बनते. ऑगस्टमध्ये गेलात तर रिकाम्या टाक्या दिसतील, धुतलेल्या, पालथ्या. वर्षभर साके बनवणाऱ्या मोठ्या कंपन्या आहेत, क्योतोच्या फुशिमी भागातल्या गेक्केइकान कंपनीने 1961 मध्ये एअरकंडिशन्ड कारखाना काढून ती सुरुवात केली, पण तुम्हाला लाकडी कुरा आणि वाफ बघायची असेल तर जानेवारी-फेब्रुवारी. आणि थर्मल घाला, आत मुद्दाम थंड ठेवलेलं असतं. दारावर सीडरच्या पानांचा मोठा गोळा टांगलेला दिसेल, तो हिरवागार असेल तर नवी साके नुकतीच आलीये, तपकिरी असेल तर बरेच महिने झालेत.

म्युझियम बघून कुरा बघितली असं समजणं

कोबेच्या नाडा भागात हाकुत्सुरू या साके कंपनीचं म्युझियम आहे, जुन्या कुरातच केलेलं, माणसाच्या उंचीचे पुतळे एकेक काम करताना दाखवलेत. पहिल्यांदा येणाऱ्याला मी आधी तिथेच नेते, पायऱ्या नीट कळतात. पण तिथे काही आंबत नसतं. चालू कुरा वेगळी, तिला बुकिंग लागतं, बरेचदा फोनवर आणि जपानीतूनच. हॉटेलच्या रिसेप्शनला सांगा, ते करून देतात. आणि बुक केलंत तर वेळेच्या दहा मिनिटं आधी पोचा, रद्द करायचं असेल तर कळवा, तिथे एखादा माणूस काम सोडून तुमच्यासाठी थांबलेला असतो.

एका दिवसात पाच कुरा

नाडात कुरा हाशिन रेल्वेच्या लाइनवर चालत जाण्याइतक्या जवळ आहेत म्हणून लोक पाच-पाच करतात. दोन करा. तिसऱ्यापासून जीभ बधिर होते आणि गाइड काय सांगतोय तेही ऐकू येत नाही. मला खरं तर याच घाईचा सगळ्यात जास्त राग येतो. आत शिरल्या शिरल्या "टेस्टिंग कधी?" साकेची मोरोमी, म्हणजे टाकीत आंबणारं मिश्रण, ते चार दिवसांत तीन वेळा थोडं थोडं वाढवतात, एकदम घातलं तर यीस्ट दबून जातं. त्याआधी यीस्टचं विरजण तयार करायला दोन आठवडे तरी जातात. मग तीन-चार आठवडे आंबणं, मग गाळणं. हे सगळं ज्याने केलं तो तोजी, म्हणजे मुख्य कारागीर, कधी कधी स्वतः समोर उभा राहून सांगत असतो आणि आपण फुकटच्या कपाकडे डोळे लावून बसायचं, हे मला बघवत नाही. डिसेंबर 2024 मध्ये युनेस्कोने यादीत घेतलं ते याच हातांच्या कौशल्याला.

टाकीवर वाकून फोटो काढणं

अजिबात नको. वरच्या थरावर कार्बन डायऑक्साइड साचलेला असतो, गुंगी येऊन टाकीत पडून माणसं मेलेली आहेत. शिवाय मोबाइल पडला तर अख्खी टाकी जाते. फोटोची परवानगी आधी विचारा.

उपाशीपोटी टेस्टिंग आणि पाणी नाकारणं

कप छोटा असतो म्हणून लोक फसतात. साके साधारण 15-16 टक्के, पाणी न मिसळलेली गेन्शु 18-20 पर्यंत. बिअरच्या हिशोबाने सहा कप रिचवलेत की उठताना कळतं. भात किंवा ओनिगिरी, म्हणजे भाताचा गोळा, खाऊन जा (शाकाहारी असाल तर उमेबोशीची, म्हणजे खारवलेल्या आंबट फळाची, बघून घ्या, बाकीच्यात मासा असतो बहुतेक). थुंकायचं भांडं ठेवलेलं असेल तर बिनधास्त वापरा, त्यात अपमान काही नाही.

आणि ते पाणी देतात ना, ते घ्याच. बरेचदा ज्या पाण्याने साके बनली तेच असतं. नाडाची कहाणी ऐका: 1840 च्या सुमारास यामामुरा ताझाएमोनच्या दोन कुरा होत्या, एक उओझाकीला, एक निशिनोमियाला, आणि निशिनोमियाची साके दरवेळी सरस. त्याने तोजी बदलून पाहिले, तांदूळ सारखा केला, फरक तोच. शेवटी निशिनोमियाचं पाणी उओझाकीला वाहून नेलं, आणि दोन्हीकडची साके सारखी झाली. तेच ते मियामिझु, खनिजं भरपूर पण लोह जवळपास नाही. फुशिमीचं पाणी त्यामानाने मऊ, साकेही मऊ. मी आधी पाण्याचा घोट घेते, मग साके, मग परत पाणी. वेळ लागतो, लागू दे.

गाडी किंवा सायकल घेऊन जाणं

एक कपही नको. जपानमध्ये चालवणाराच नाही, शेजारी बसलेला आणि पाजणाराही कायद्यात अडकतो. नोव्हेंबर 2024 पासून थोडी पिऊन सायकल चालवली तरी तुरुंगापर्यंत शिक्षा आहे. ट्रेनने जा. वीस वर्षांखालच्यांना टेस्टिंग नाही, मुलांसाठी आमाझाके, म्हणजे तांदळाचं गोड पेय, मागा, पण कोजीची आहे ना ते विचारून, कारण साकेच्या चोथ्याच्या आमाझाकेत थोडा अल्कोहोल असतो.

बाटलीवरचा टक्का चुकीचा वाचणं

35% लिहिलंय म्हणजे अल्कोहोल नव्हे, तांदूळ घासून 35 टक्के उरलाय. दाइगिंजो नावाच्या वरच्या प्रतीत हा आकडा 50 किंवा कमी. आकडा कमी म्हणजे साके तुम्हाला आवडेलच असं नाही, मला स्वतःला साधी जुनमाई, म्हणजे वरून अल्कोहोल न घातलेली साके, गरम करून जास्त आवडते.

नामा विकत घेऊन सूटकेसमध्ये टाकणं

नामाझाके म्हणजे पाश्चराइझ न केलेली, तिला फ्रिज लागतो. तीन दिवस फिरून मग विमान म्हटलं की तिची चव गेलीच, ती तिथेच पिऊन या. घरी न्यायला पाश्चराइझ केलेली घ्या, टॉवेलात गुंडाळून चेक-इन बॅगेत. भारतात माणशी दोन लिटर ड्युटी न भरता चालते, म्हणजे 720 मिलीच्या दोन बाटल्या. घरी पोचल्यावर उन्हात शोकेसला मांडून ठेवू नका, अंधाऱ्या थंड जागी ठेवा आणि उघडली की एक-दोन आठवड्यांत संपवा.