बांधकाम कंपनीचा इतिहास लिहायचाय? आधी एमबी (मापपुस्तिका) उघडा

आमच्या कंपनीला पन्नास वर्षं होत आली तेव्हा स्मरणिका काढायचं ठरलं आणि ते काम माझ्याकडे आलं. मी २६ वर्षं बिलिंगमध्ये होते, कुठली फाइल कुठल्या कपाटात आहे हे मला माहीत होतं, एवढंच माझं भांडवल. दोन वर्षं लागली. पुढे ज्यांच्यावर असं काम येईल त्यांच्यासाठी हे लिहिते आहे.

संस्थापकांच्या बालपणापासून सुरुवात करू नका. आधी कामांची यादी करा. कामाचं नाव, मालक कोण, वर्क ऑर्डरची तारीख, काम संपल्याची तारीख, उद्घाटनाची तारीख. या तिन्ही तारखा वेगवेगळ्या असतात, आणि पुलावरच्या कोनशिलेवर बहुतेक वेळा तिसरीच असते. यादीत एक रकाना असा ठेवा: ‘यातलं आपण नेमकं काय केलं?’ हा रकाना मी ठेवला नव्हता. एका नदीवरच्या पुलाबद्दल मी ‘आम्ही बांधलेला पूल’ असं लिहिलं आणि ते छापून झालं. मग एका छोट्या ठेकेदाराची मुलगी वडिलांची जुनी बिलं घेऊन ऑफिसात आली. पायाच्या विहिरी, म्हणजे नदीच्या तळात उतरवायचे पोकळ पाये, त्यांनी उतरवल्या होत्या, आम्ही फक्त वरचे खांब आणि स्लॅब केले होते. तीनशे प्रतींत मी स्वतः दुरुस्तीची पट्टी चिकटवली. त्या बाई शांतपणे म्हणाल्या, “बाबा दोन पावसाळे त्या नदीत होते.” ते वाक्य मी विसरलेले नाही.

कंपनीचा जन्म कधीचा, हा प्रश्न वाटतो तितका सोपा नसतो. रजिस्ट्रेशनचा कागद सापडला की लोक तिथेच थांबतात. लार्सन अँड टुब्रोची भागीदारी १९३८ची, कंपनी म्हणून नोंदणी मात्र १९४६ची. हिंदुस्थान कन्स्ट्रक्शन १९२६ साली स्थापन झाली, पण तिचे संस्थापक वालचंद हिराचंद त्याआधी कितीतरी वर्षं रेल्वेची कंत्राटं घेत होते, तीही रेल्वेत कारकुनी केलेल्या लक्ष्मणराव फाटकांच्या भागीदारीत. १९४३ साली खुला झालेला हावडा पूल उभारणाऱ्या कंपनीच्या नावातच ब्रेथवेट, बर्न आणि जेसॉप अशा तीन कंपन्या आहेत. म्हणून आधीची भागीदारीपत्रं शोधा आणि ती शेवटच्या सहीपर्यंत वाचा. आमच्या पहिल्या भागीदारीपत्रात संस्थापकांच्या वहिनींचा चार आणे वाटा होता. पन्नास वर्षांत ऑफिसात कुणी त्यांचं नाव घेतलं नव्हतं. बोर घाटाचं उदाहरण तर आपल्या सगळ्यांच्या रोजच्या रस्त्यावरचं आहे. १८५९ साली सॉलोमन ट्रेडवेल घाटातल्या रेल्वेचं कंत्राट घेऊन आले आणि काही आठवड्यांतच वारले. त्यांची पत्नी अ‍ॅलिस हिने कंत्राट सोडलं नाही, आणि १८६३ मध्ये घाटातून गाडी गेली.

आता कागद. संचालक मंडळाचे ठराव वाचा, पण त्यात अडकू नका. खरा इतिहास एमबीत, म्हणजे झालेल्या कामाची मापं लिहायच्या मापपुस्तिकेत असतो. एमबीची पानं क्रमांक घातलेली असतात. त्यात खाडाखोड चालत नाही. चुकलेलं माप एका रेघेने कापायचं आणि बाजूला सही करायची. त्यामुळे चूकही वाचता येते आणि ती कुणी दुरुस्त केली तेही कळतं. आमच्या सर्वांत जुन्या एमबीत एका पानावर पाण्याचा मोठा डाग आहे. त्याखाली लिहिलंय, ‘पाया क्र. ३, रात्रभर पाणी उपसून सकाळी माप घेतले.’ मापाच्या तीन आकड्यांपुढे दोन सह्या आहेत आणि दुसरी सही थरथरलेली आहे. स्मरणिकेत मी ते पान जसंच्या तसं छापलं.

जुनी मापं वाचताना सावध राहा. १ एप्रिल १९५७च्या आधी हिशेब रुपये-आणे-पैत असतो. खडी, माती ब्रासमध्ये. एक ब्रास म्हणजे १०० घनफूट, सुमारे २.८३ घनमीटर. जुना टन २,२४० पौंडांचा, म्हणजे साधारण १,०१६ किलो, आताच्या टनापेक्षा थोडा जड. छापताना मूळ आकडा तसाच ठेवा आणि शेजारी आजचं माप द्या. काँक्रीटपुढे १:२:४ असं (सिमेंट, वाळू, खडीचं) प्रमाण दिसलं तर तिथे आजचा ताकदीचा ग्रेड लिहू नका. तेव्हाच्या माणसांनी जे लिहिलं तेच राहू द्या.

माझं सगळ्यात आवडतं रजिस्टर हिंडरन्सचं. काम कोणत्या दिवशी का थांबलं, याची त्यात रोजच्या रोज नोंद असते. पाऊस. ड्रॉइंग आलं नाही. जमिनीचा ताबा नाही. आणि पानामागून पान, ‘सिमेंट नाही’. तेव्हा सिमेंटवर सरकारी नियंत्रण होतं, परमिटशिवाय पोती मिळत नसत. १९८२ साली ते अंशतः आणि १९८९ साली पूर्ण उठलं. ही पार्श्वभूमी माहीत नसेल तर सत्तरच्या दशकातल्या साइट इंजिनिअरला तुम्ही उगाच दोष द्याल. एखादं काम चार वर्षं रखडलेलं दिसलं की आधी हे रजिस्टर काढा, मगच मत बनवा.

नकाशांच्या गुंडाळ्या जोर लावून उघडू नका, कडा तुटतात. निळ्या पार्श्वभूमीवर पांढऱ्या रेघा असलेली जुनी ब्ल्यूप्रिंट उजेडात फिकी पडते, म्हणून फोटो काढून झाला की लगेच अंधारात ठेवा. अमोनिया प्रिंट, म्हणजे अमोनियाच्या वाफेने काढलेल्या नकाशाच्या प्रती, तिच्यापासून वेगळ्या ठेवा.

माणसांशी बोलायला रिकाम्या हाताने जाऊ नका. ‘जुन्या आठवणी सांगा’ म्हटलं की सगळे साहेबांचं कौतुक करतात. आमच्या मुकादम काकांसमोर मी धरणाच्या कालव्याचा नकाशा पसरला आणि विचारलं, “इथे सेंट्रिंग (काँक्रीटचा साचा) कसं लावलं होतं?” दोन तास ते बोटाने नकाशावर चालत होते. कुठे सळई कमी पडली, कुठल्या गवंड्याचा ओळंबा कधी चुकला नाही, कुठल्या बायका पाट्या वाहायला होत्या, सगळं नावानिशी.

आणि साइटवर ज्यांचा जीव गेला, त्यांची नावं इतिहासात आलीच पाहिजेत. ही माझी अट होती, आणि तिच्यावरून बैठकीत वादही झाला. आनंदाच्या प्रसंगी हे कशाला, असं काहींचं म्हणणं होतं. मी फाइली घेऊन पुन्हा गेले. कामगार नुकसानभरपाईचा कायदा १९२३ सालीच झाला होता, त्यामुळे जिथे भरपाई दिली गेली तिथे काहीतरी कागद असतोच. तारीख, साइट, काय घडलं. नाव मात्र बरेचदा मस्टरवरचं (हजेरीपटावरचं), एकेरी, बापाचं नाव नाही, गाव नाही. अशी नावं मुकादमांकडे घेऊन जा, शक्य असेल तर घरच्यांना भेटा आणि छापायच्या आधी त्यांची परवानगी घ्या. आम्हाला सात नावं मिळाली. पाच जणांची पूर्ण नावं काकांनी आणि घरच्यांनी दिली. उरलेली दोन मस्टरवर होती तशीच छापली, ज्या साइटवर ते गेले त्या साइटच्या पानावर.