आघाडीवरचा दिवस कसा जातो: भरती होणाऱ्यांसाठी

भरतीची तयारी करणारी मुलं मला गोळीबाराबद्दल विचारतात. खणण्याबद्दल कुणीच विचारत नाही. लढाईच्या दिवसांत हातात रायफलीपेक्षा फावडंच जास्त वेळ असतं. नव्या जागी पोहोचलात की आधी आडोशाचा खड्डा, म्हणजेच मोर्चा, बाकी सगळं नंतर. शिवाय उपसलेली ताजी माती झाकायची, कारण ती लांबूनही उठून दिसते.

उजाडण्याआधी 'स्टँड-टू'. सगळे आपापल्या मोर्चात, हत्यार तयार, नजर समोर. झुंजुमुंजू होताना आणि दिवेलागणीला हल्ल्याचा धोका जास्त. पहिल्या महायुद्धातल्या खंदकांतही दोन्ही वेळा हेच चालायचं. नीट उजाडलं की हत्यारांची सफाई. सगळ्यांनी एकदम खोलून बसायचं नाही. जोडीतला एक साफ करतो, दुसरा पहारा देतो. दाढी, चहा त्यानंतर.

पाय सांभाळा, हे मी दहादा सांगेन. मोजे ओले राहिले आणि गारठा असला की पाय बधिर होतो, सुजतो, पुढे सडतोही. त्यासाठी बर्फच पडायला हवा असं नाही. त्या महायुद्धात अधिकारी सैनिकांचे पाय रोज तपासायचे, देवमाशाचं तेल चोळायला लावायचे. ओले मोजे अंगालगत, कपड्यांच्या आत ठेवले की वाळतात. शौचाच्या खड्ड्याचंही तसंच. क्रिमियाच्या युद्धात (१८५३-५६) ब्रिटिश फौजेतले लढाईपेक्षा रोगराईनं कितीतरी जास्त मेले. वर माती लोटली नाही म्हणून हवालदार खेकसला, तर मुकाट्यानं ऐकून घ्या.

रात्रीचा पहारा शिकावा लागतो. डोळे अंधाराला पुरते सरावायला अर्धा तास लागतो आणि एक काडी पेटवली की तो वाया. जे बघायचंय त्याच्या किंचित बाजूला नजर ठेवा, जास्त दिसतं. एकटक पाहिलं तर झुडूपसुद्धा चालायला लागतं! जोडीदाराला विचारा, त्यालाही दिसतंय का.

झोप तुकड्यातुकड्यांनी मिळते. मिळेल तेव्हा आडवं व्हा, गप्पा नंतर मारता येतात.

आणि कंटाळा. काहीच न घडणारे दिवस मला चकमकीपेक्षा जड गेले. पत्र लिहा, पण त्यात जागा, तुकडी, पुढचा बेत यातलं काही नको. नेटवर्कवर असलेला फोन तर न बोलताही ठावठिकाणा सांगतो. निघण्याआधीच घरी बजावून ठेवा: बरेच दिवस खबर आली नाही, तरी वाईट धरून बसू नका.