सुरानं बांध सरकवायचा असेल तर : गोष्टीतलं जादूचं वाद्य कसं घडवावं

जादूचं वाद्य म्हटलं की लिहिणाऱ्याला आधी पाऊस आठवतो. सूर लागला, ढग आले. मल्हारानं पाऊस आणि दीपकानं दिवे, या दंतकथा आपल्याकडे इतक्या मुरल्यात की त्यांत आणखी भर घालायला जागा नाही. म्हणून पहिलं काम हे, की पाऊस सोडा. वाद्यानं जगातली एकच गोष्ट हलवायची, आणि ती अशी निवडायची की जिच्यावरून गावात डोकी फुटतात. मी खानदेशातला, मला शेताचा बांध सुचला. वाजवलं की बांध चार बोटं शेजाऱ्याच्या रानात सरकतो. सातबारा मात्र जागचा हलत नाही. एवढ्यावर गोष्ट निम्मी उभी राहते.

आता वाद्याचं अंग. ते हवेतून आणू नका, आपल्या मुलखात काय वाजतं ते बघा. साक्री-नवापूर पट्ट्यात कोकणा लोक पावरी वाजवतात. सुकवलेला भोपळा आणि बांबूच्या नळ्या, आणि फुंक न तोडता वाजवणं. सातपुड्यात होळीला पावरा लोकांचे मोठे ढोल घुमतात. वहीगायन या लोकगायनाला डफ. घरात घरोट, म्हणजे जातं. त्याची घरघर हाही सूरच आहे. यांतलं एक निवडा, त्याचा आवाज कशातून निघतो ते समजून घ्या आणि मगच त्यात फेरफार करा. मात्र एक पथ्य पाळा. पावरी डोंगऱ्यादेवाच्या उत्सवातही वाजते. लोकांच्या देवाचं वाद्य जसंच्या तसं उचलून खलनायकाच्या हाती देऊ नका. त्याची रीत घ्या, नाव आणि रूप तुमचं ठेवा. माझ्या वाद्याचं नाव ‘सरकी’. भोपळ्यात कापसाची सरकी भरलेली, फुंकलं की ती आत सळसळते आणि बाहेर बांध सरकतो. नाव असंच असावं, बोलताना जिभेवर बसणारं. ‘नादब्रह्मयंत्र’ वगैरे ठेवलंत तर वाचणारा पहिल्या पानावरच हसेल.

पुढची पायरी स्वयंपाकघरात. तिला मी सगळ्यात जास्त वेळ देतो, कारण नियम इथेच सापडतो. पातेल्याच्या तोंडावर फुगा कापून ताणून बसवा, सुरकुती राहू देऊ नका. वर चिमूटभर बारीक रवा पसरा. मग तोंड जवळ नेऊन, पण रव्यावर फुंकर जाणार नाही अशा बेतानं, ‘ऊ’ लावा आणि सूर हळूहळू वर न्या. बहुतेक सुरांना फारसं काही होत नाही. एखाद्या सुराला मात्र रवा उड्या मारायला लागतो आणि रेघांत गोळा होतो. (आमच्याकडे आईनं पातेलं पाहिलं आणि विचारलं, ‘हाऊ काय खेय शे रे भाऊ?’ रवा शिऱ्यासाठी काढला होता.) जर्मनीच्या क्लाडनी या शास्त्रज्ञानं धातूच्या पत्र्यावर वाळू टाकून, कडेला व्हायोलिनचा गज घासून ही चित्रं काढली आणि 1787 साली पुस्तकात छापली. पत्रा जिथे थरथरतो तिथून वाळू उडते. जिथे तो जवळजवळ स्थिर असतो तिथे ती साठते. सूर बदलला की रेघाही बदलतात.

गोष्टीचा नियम मला यातच मिळाला. सरकी वाजते तेव्हा सगळं शिवार थरथरतं, पण काही रेघा शांत राहतात. त्या रेघेवर जो उभा, तो आणि त्याच्या पायाखालची माती हलत नाही. माझ्या गोष्टीत सरकी थोरला भाऊ वाजवतो आणि शेजारचं रान धाकट्याचं. आता धाकट्याला बांध वाचवायचा असेल तर त्याला लढायचं नाही, ती रेघ शोधायची आहे. तुमचा नियमही असा हवा, की त्यातून पात्राला काहीतरी करावं लागेल.

इथे खानदेशचं ऊन कामाला येतं. हवा तापली की आवाज वेगानं धावतो. 10 अंशांना सेकंदाला सुमारे 337 मीटर, 45 अंशांना सुमारे 358. नळीची लांबी तीच, त्यामुळे सूर चढतो. म्हणजे पौषातल्या पहाटे सा लावलेली नळी वैशाखातल्या दुपारी कोमल रेच्या आसपास जाते. फुंकेची ऊब नळीत असते, तेव्हा प्रत्यक्षात फरक थोडा कमी पडेल, पण गोष्टीला तेवढा पुरे. हिवाळ्यात शोधलेली शांत रेघ उन्हाळ्यात भलतीकडेच गेलेली असते. थोरल्याला हे माहीत आहे, धाकट्याला नाही. डफ निवडलात तर उलटा हिशेब मांडा. पावसाळी हवेत चामडं सैल पडतं, म्हणून वाजवण्याआधी डफ शेकतात. तुमचं वाद्य श्रावणात निम्मं मुकं होईल.

किंमत ठरवायला विसरू नका, पण ‘वाजवणाऱ्याचं आयुष्य घटतं’ हे आता फार झालं. सरकीला बांध आणि विहीर यांतला भेद कळत नाही. चार बोटं बांध मिळतो, आणि विहिरीचा झराही तेवढाच सरकतो. पाच वर्षं वाजवलं, विहीर कोरडी. यापेक्षा वेगळी शिक्षा मला लिहावी लागली नाही.

शेवटी आवाज कागदावर आणायचा. ‘दिव्य’, ‘गूढ’, ‘अलौकिक’ हे शब्द खोडा. त्यांतून काहीच ऐकू येत नाही. आवाजानं काय काय हललं तेवढं लिहा. माझं पान असं सुरू होतं: गोठ्यातल्या म्हशीनं रवंथ थांबवलं. पत्र्याच्या डब्यातले शेंगदाणे एकदा वाजले. खाटेवर झोपलेल्या म्हाताऱ्यानं डोळे न उघडता विचारलं, ‘आज कोणाकडचा?’