माहितीपटात दिसणार असाल तर आधी नावाची पट्टी ठरवा

माहितीपटाचं चित्रीकरण ठरलं की घरात पहिली चर्चा होते ती साडीची किंवा शर्टाची. ती दोन मिनिटांत उरका. बारीक रेघा, बारीक चौकडी टाळा, कॅमेऱ्यात त्या वळवळताना दिसतात. वाजणाऱ्या बांगड्या काढून ठेवा. बाकी रोजचे कपडेच बरे.

खरा विचार करायचा तो पडद्यावर खाली येणाऱ्या पट्टीचा. तिथे ‘कर्जबाजारी शेतकरी’ येणार की ‘देशी बियाणं जपणारी शेतकरी’? तुमचं पुढचं सगळं बोलणं प्रेक्षक त्या दोन-तीन शब्दांतूनच ऐकतो. म्हणून नाव कसं हवं (आडनावासह की नुसतं, माहेरचं की सासरचं) आणि ओळख काय द्यायची, हे संमतिपत्रावर सही करण्याआधी लिहून द्या. आडनावावरून जात ताडणारे आपल्याकडे कमी नाहीत. गावाचं नाव दाखवायचं का, हेही तेव्हाच सांगा. अंतिम निर्णय बहुधा दिग्दर्शकाचा असतो, पण लेखी दिलेलं ‘लक्षात राहिलं नाही’ असं म्हणणं अवघड जातं.

बोली सोडू नका. अहिराणी, मालवणी, जी असेल ती. संकलनात प्रश्न अनेकदा कापला जातो, त्यामुळे नुसतं ‘हो, तीन वर्षं’ नको. ‘आम्ही तीन वर्षं विहिरीचं पाणी वाटून घेतोय’ असं पूर्ण वाक्य बोला.

आणि कॉलरचा माइक मध्यंतरातही चालू असू शकतो. चहा पिताना भावकीचं काही बोलायचं असेल, तर आधी तो काढून घ्यायला सांगा.