रानपिंगळ्याचे संरक्षण: दर्जा कसा वाचावा आणि कायदा कसा वापरावा

कोल्हापूर जिल्ह्यात रानपिंगळा आढळत नाही, हे आरंभीच स्पष्ट केलेले बरे. हे लहान आकाराचे घुबड जगात फक्त भारतात राहते. भारतातही सातपुड्याच्या रांगा, मेळघाट, तानसाचा परिसर, गुजरातेतील डांग आणि मध्य प्रदेशातील खंडवा-बुऱ्हाणपूरकडची सागवानी जंगले अशा मोजक्या पट्ट्यांतच त्याची वस्ती आहे. तरीही हे मार्गदर्शन कोल्हापुरातील वाचकांसाठी लिहिण्यास कारण आहे. येथील पक्षीनिरीक्षक त्याला पाहण्यासाठी मेळघाटापर्यंत आणि तानसापर्यंत जातात, आणि तेथे कसे वागावे हे त्यांना जाण्यापूर्वी ठाऊक असले पाहिजे. शिवाय आंबा, राधानगरी, आजरा आणि चंदगडच्या जंगलांत राहणाऱ्या घुबडांनाही तोच कायदा आणि तीच कार्यपद्धती लागू होते. ज्याला रानपिंगळ्याचे प्रकरण नीट समजले, त्याला आपल्या गावच्या पिंगळ्यासाठी अर्ज लिहिणे जड जाणार नाही.

आधी जात निश्चित करावी

कोणतेही कलम शोधण्यापूर्वी पक्षी कोणता आहे हे ठरवावे लागते, कारण कायद्यातील शिक्षा जातीवर अवलंबून असते. कोल्हापुरात वाडे, जुनी झाडे आणि शेतबांध येथे दिसतो तो साधा पिंगळा. त्याच्या डोक्यावर आणि पाठीवर पांढरे ठिपके असतात. डोंगराकडील झाडीत जंगली पिंगळा भेटतो. त्याच्या अंगावर, डोक्यापासून पोटापर्यंत, बारीक आडव्या रेघा दाट असतात. रानपिंगळा या दोघांहून निराळा आहे. लांबी सुमारे 23 सेंटिमीटर, माथा आणि पाठ जवळजवळ बिनठिपक्यांची, छातीवर गडद तपकिरी पट्टा, पोटाचा मधला भाग स्वच्छ पांढरा, पंख व शेपटीवर ठळक पांढरे पट्टे आणि शरीराच्या मानाने मोठे पंजे, अशी त्याची ठेवण असते. तो दिवसा वावरतो, विरळ जंगलातील उघड्या फांदीवर बसून सरडे, उंदीर आणि कीटक पकडतो. छायाचित्र असल्यास आधी माथा, मग पोट आणि शेवटी शेपटी या क्रमाने पाहावे. एवढ्यावरून निर्णय होत नसेल तर अर्जात जातीचे नाव ठामपणे लिहू नये. ‘लहान आकाराचे घुबड’ असे लिहून छायाचित्र जोडावे.

चुकीच्या नोंदीने किती नुकसान होते, याचा धडा या पक्ष्याच्याच इतिहासात आहे. पक्षिशास्त्रज्ञ ए. ओ. ह्यूम यांनी 1873 मध्ये त्याचे वर्णन प्रसिद्ध केले आणि 1884 नंतर त्याचा खात्रीचा नमुना मिळाला नाही. मध्यंतरी ब्रिटिश पक्षीसंग्राहक रिचर्ड माइनर्ट्‌झहॅगन यांनी 1914 मध्ये गुजरातेतील मांडवी येथे तो मिळाल्याचे सांगितले होते आणि शोध घेणारे त्या नोंदीवर विसंबून होते. तो नमुना प्रत्यक्षात संग्रहालयातील जुना नमुना चोरून, नवी चिठ्ठी लावून तयार केलेला होता, हे पक्षिशास्त्रज्ञ पामेला रासमुसेन यांच्या तपासणीतून उघड झाले. ती नोंद बाजूला सारून जुन्या खऱ्या नमुन्यांच्या ठिकाणांवर लक्ष दिल्यावर, नोव्हेंबर 1997 मध्ये रासमुसेन, बेन किंग आणि डेव्हिड अ‍ॅबट यांना शहाद्याजवळ, म्हणजे तेव्हाच्या धुळे आणि आजच्या नंदुरबार जिल्ह्यात, रानपिंगळा दिसला. शंभराहून अधिक वर्षे जो नाहीसा झाल्यासारखा होता, तो खऱ्या नोंदींमुळे सापडला. म्हणून आपली नोंद लहान असली तरी ती खरी असावी, याबाबत तडजोड करू नये.

दर्जा आणि अनुसूची यांची गल्लत करू नये

आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाची लाल यादी एखादी जात नष्ट होण्याच्या किती जवळ आहे, याचे वैज्ञानिक मूल्यमापन करते. पक्ष्यांसाठी हे काम बर्डलाइफ इंटरनॅशनल ही संस्था पाहते. रानपिंगळा पूर्वी ‘अतिसंकटग्रस्त’ या वर्गात होता आणि 2018 मध्ये तो ‘संकटग्रस्त’ या वर्गात आला. प्रजननक्षम पक्ष्यांची संख्या 250 ते 999 च्या दरम्यान असावी, असा अंदाज तेथे दिलेला आहे. हा बदल वाचताना सावध राहावे. नवनव्या ठिकाणी शोध घेतला गेला, तानसासारख्या अनपेक्षित जंगलात तो आढळला, आणि त्यामुळे आपल्याला माहीत असलेल्या पक्ष्यांची संख्या वाढली. जंगलातील पक्षी वाढले असा त्याचा अर्थ होत नाही. संख्या घटत असल्याचेच त्या मूल्यमापनात म्हटले आहे. ‘दर्जा सुधारला’ अशी बातमी वाचून निर्धास्त होणे मला अत्यंत चुकीचे वाटते.

लाल यादीतील वर्गामुळे कोणालाही शिक्षा होत नाही. शिक्षा होते ती वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, 1972 मुळे, आणि तेथे पाहायची असते ती अनुसूची, म्हणजे कायद्याला जोडलेली जातींची यादी. रानपिंगळा अनुसूची 1 मध्ये आहे, म्हणजे त्याला वाघाच्या बरोबरीचे संरक्षण आहे. लाल यादीत वर्ग बदलल्याने अनुसूची आपोआप बदलत नाही, त्यासाठी स्वतंत्र अधिसूचना किंवा दुरुस्ती लागते. या कायद्यात 2022 मध्ये मोठी दुरुस्ती झाली आणि ती 1 एप्रिल 2023 पासून अमलात आली. अनुसूच्यांची संख्या सहावरून चारवर आली आणि अनेक जातींचे स्थान बदलले. घुबडे पूर्वी सर्वसाधारणपणे अनुसूची 4 मध्ये मोडत, त्यामुळे जुन्या पुस्तकांत आणि जुन्या फलकांवर तसेच छापलेले दिसते. ते पाहून अर्ज लिहू नये. दुरुस्तीनंतरच्या अधिनियमाची प्रत उघडून शास्त्रीय नावाने शोध घ्यावा. रानपिंगळ्याचे शास्त्रीय नाव कोठे हेटेरोग्लॉक्स ब्लेविटी, तर कोठे अथेन ब्लेविटी असे दिलेले असते. दोन्ही नावांनी पाहावे.

आंतरराष्ट्रीय व्यापारासाठी साइटीस हा देशोदेशींमधील करार तिसरा आधार आहे. घुबडांच्या बहुतेक जाती त्याच्या परिशिष्ट 2 मध्ये आहेत, रानपिंगळा मात्र अधिक कडक अशा परिशिष्ट 1 मध्ये आहे. पक्षी किंवा त्याचे अवयव देशाबाहेर जात असल्याचा संशय असेल तेव्हाच याची गरज भासते.

कायद्यात ‘शिकार’ कशाला म्हणतात

बहुतेकांचा समज असा असतो की बंदूक किंवा जाळे असल्याशिवाय शिकार होत नाही. कलम 2(16) मधील व्याख्या फार व्यापक आहे. मारणे, विष घालणे, पकडणे, फासे लावणे, हाकलणे, तसा प्रयत्न करणे हे सर्व तिच्यात येतेच, पण पक्ष्यांच्या बाबतीत अंडी फोडणे आणि अंड्यांना किंवा घरट्याला उपद्रव देणे हेही शिकारीत धरलेले आहे. कलम 9 प्रमाणे अनुसूची 1 आणि 2 मधील प्राण्यांची शिकार करण्यास मनाई आहे. अनुसूची 1 मधील जातीबाबत गुन्हा सिद्ध झाल्यास कलम 51 नुसार किमान 3 वर्षे आणि कमाल 7 वर्षे कारावास, तसेच किमान 25 हजार रुपये दंड अशी तरतूद आहे.

ही व्याख्या छायाचित्रकारांनी विशेष काळजीने वाचावी. रानपिंगळ्याची वीण साधारणपणे ऑक्टोबरपासून उन्हाळ्यापर्यंत चालते आणि पर्यटकांची गर्दीही त्याच महिन्यांत असते. मोबाइलवर ध्वनिमुद्रित साद वाजवली की हा पक्षी चटकन उत्तर देतो, कारण आपल्या हद्दीत दुसरा आला असे त्याला वाटते. मग नर ढोली सोडून आवाजाच्या दिशेने येतो आणि तेवढा वेळ मादीला अन्न पोहोचवण्याचे काम थांबते. ढोलीजवळ साद वाजवू नये, फांद्या तोडून दृश्य मोकळे करू नये, आणि ढोलीचे ठिकाण समाजमाध्यमांवर टाकू नये. छायाचित्राच्या फाइलमध्ये स्थानाची माहिती साठवलेली असते, तीही काढून टाकावी. राधानगरीत किंवा चांदोलीत घुबडाची ढोली सापडली तरी हाच नियम पाळावा.

दिवाळीपूर्वीचे दिवस अधिक सावध राहण्याचे असतात. लक्ष्मीपूजनाच्या सुमारास आणि गुप्तधनाच्या नावाखाली घुबडे पकडली व विकली जातात. या अंधश्रद्धेचा फटका सर्वच जातींना बसतो, कारण पकडणारा जात पाहत नाही. असा पक्षी विक्रीस दिसल्यास त्याची सुटका करण्याच्या हेतूनेही तो विकत घेऊ नये. खरेदी हाही कायद्याचा भंग आहे, आणि दिलेल्या पैशातून पुढचा पक्षी पकडला जातो. गुप्तधनासाठी अघोरी प्रकार होत असल्याचे दिसल्यास 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्याचाही आधार मिळू शकतो. त्यासाठी पोलिसांकडे स्वतंत्र तक्रार द्यावी.

तक्रार अशी लिहावी

प्रथम वन विभागाच्या 1926 या क्रमांकावर कळवावे आणि कॉलची वेळ टिपून ठेवावी. त्यानंतर त्याच दिवशी लेखी अर्ज द्यावा, कारण दूरध्वनीवरील बोलणे पुढे कोणाच्या लक्षात राहीलच असे नाही. ठिकाण अभयारण्यात असेल तर वन्यजीव विभागाकडे, अन्यथा प्रादेशिक वन विभागाच्या वनक्षेत्रपालांकडे अर्ज जातो. नेमके कार्यालय ठाऊक नसेल तर कोल्हापूरच्या उपवनसंरक्षकांच्या नावे अर्ज करून त्याची प्रत जवळच्या पोलीस ठाण्यात द्यावी. विशाळगड, गगनबावडा, आजरा-भुदरगड आणि चंदगड ही क्षेत्रे शासनाने संवर्धन राखीव म्हणून घोषित केली आहेत. घटना त्या हद्दीत घडली असेल तर तसे आवर्जून लिहावे.

अर्जात भावना कमी आणि तपशील अधिक असावा. मजकूर साधारण असा ठेवता येईल: ‘दिनांक अमुक रोजी सायंकाळी सुमारे साडेपाच वाजता मौजे अमुक, तालुका शाहूवाडी येथील आठवडी बाजारात, पाण्याच्या टाकीच्या पूर्वेस, एका इसमाजवळ तारेच्या पिंजऱ्यात दोन जिवंत घुबडे असल्याचे मी प्रत्यक्ष पाहिले. सदर इसम ती विकत असल्याचे मी ऐकले. दोन छायाचित्रे सोबत जोडली आहेत. वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, 1972 च्या कलम 9 चा भंग झाल्याचे दिसत असल्याने पंचनामा करून पक्षी ताब्यात घ्यावेत आणि वनगुन्हा नोंदवावा, ही विनंती. माझे नाव गोपनीय ठेवावे.’ पाहिलेले आणि ऐकलेले यांत फरक ठेवावा. नाव माहीत नसेल तर अंदाजाने कोणाचे नाव घालू नये. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक व शिक्का घेतल्याशिवाय कार्यालय सोडू नये.

विक्री ऑनलाइन होत असेल तर जाहिरातीचा स्क्रीनशॉट, पूर्ण दुवा, दिनांक आणि वेळ जपून ठेवावी. ही माहिती वन्यजीव गुन्हे नियंत्रण ब्युरोकडेही पाठवता येते. विक्रेत्याशी स्वतः बोलणी करून सापळा रचण्याच्या फंदात पडू नये, ते काम तपास अधिकाऱ्यांचे आहे.

मृत किंवा बेकायदा पकडलेला वन्यप्राणी कलम 39 नुसार सरकारी मालमत्ता ठरतो आणि असा प्राणी कोणाच्या ताब्यात आल्यास 48 तासांच्या आत कळवावे लागते. म्हणून मृत घुबडाची पिसे किंवा नखे आठवण म्हणून ठेवू नयेत. ढोलीतून खाली पडलेले पिल्लू जखमी नसेल तर त्याच झाडाच्या सुरक्षित फांदीवर ठेवून दूर व्हावे, पालक बहुधा जवळपासच असतात. जखमी असेल तर हवेशीर पुठ्ठ्याच्या खोक्यात, अंधारात ठेवून वन विभागाकडे सोपवावे. दूध पाजू नये.

अर्जावर कार्यवाही झाली की नाही हे कळत नसेल तर माहिती अधिकार अधिनियम, 2005 खाली विचारणा करावी. 10 रुपयांच्या शुल्कात, 30 दिवसांत उत्तर मिळणे अपेक्षित असते. ‘काय झाले?’ असे मोघम विचारू नये. वनगुन्हा क्रमांक, पंचनाम्याची प्रत आणि जप्त पक्ष्यांची सद्यःस्थिती मागावी. तरीही हालचाल झाली नाही तर कलम 55 नुसार कोणत्याही नागरिकाला, किमान 60 दिवसांची नोटीस देऊन, स्वतः न्यायालयात तक्रार दाखल करता येते. नोटीस विहित पद्धतीने द्यावी लागत असल्याने या टप्प्यावर वकिलाचा सल्ला घ्यावा.

ढोलीचे झाड

कायद्याची खरी उणीव येथे आहे. घुबडाला अनुसूचीत स्थान आहे, पण ज्या पोकळ, म्हाताऱ्या झाडात ते अंडी घालते ते झाड ‘धोकादायक’ ठरवून तोडले जाते. सातपुड्यात रानपिंगळ्यावरचे सर्वांत मोठे संकट जंगलतोडीचे आणि जुनी झाडे नाहीशी होण्याचे आहे, आणि कोल्हापुरातील पिंगळ्यावरही तीच वेळ येते. महापालिका हद्दीत महाराष्ट्र (नागरी क्षेत्र) झाडांचे संरक्षण व जतन अधिनियम, 1975 लागू आहे. 2021 च्या दुरुस्तीने 50 वर्षे किंवा त्याहून जुन्या झाडांना वारसा वृक्षाचा दर्जा देण्याची तरतूद त्यात झाली. वृक्षतोडीची नोटीस प्रसिद्ध झाली की मुदतीत लेखी हरकत द्यावी आणि तिच्यात ढोलीची जमिनीपासूनची उंची, पक्ष्याची ये-जा दिसल्याच्या तारखा व छायाचित्रे जोडावीत. वीण चालू असताना तोड केल्यास घरट्याला उपद्रव होईल आणि तो कलम 2(16) खाली शिकारीत मोडतो, हे वाक्य हरकतीत अवश्य असावे. झाड खरोखरच कोसळण्याच्या बेतात असेल तर पिल्ले उडेपर्यंत तोड पुढे ढकलण्याची आणि नंतरही ढोलीचे खोड शक्य तेवढे राखून फक्त फांद्या उतरवण्याची मागणी करावी.

गावाकडे ग्रामपंचायतीच्या जैवविविधता व्यवस्थापन समितीकडे लोक जैवविविधता नोंदवही असते. ढोलीचे झाड जमिनीच्या कोणत्या गट क्रमांकात आहे आणि तेथे कोणते घुबड राहते, हे त्या वहीत लिहून घ्यावे. नोंद करताना नेमके ठिकाण सर्वांसमोर वाचून दाखवू नये, अशी विनंती सचिवांना करावी.