ग्रीक बेटावरच्या पानियीरीत नाचायचंय? कान लाऊतोकडे ठेवा

व्हायोलिनवर लक्ष ठेवून नाचाल तर पाय चुकणारच, असं माझं ठाम मत आहे. ग्रीसच्या नाक्सोस, पारोस, आमोर्गोस अशा सिक्लाडीस बेटांवर पानियीरीत, म्हणजे गावच्या उत्सवात, व्हायोलिन आणि लाऊतो या तंतुवाद्याची जोडी वाजते. व्हायोलिनवाला सूर खेळवतो, मध्येच गिरक्या घेतो आणि नवख्याला हमखास फसवतो. लाऊतोच्या तारांच्या चार जोड्या मात्र ताल धरून असतात. पायांनी त्यांचंच ऐकायचं.

पहिला नाच शिकायचा तो सिरतोस, हात धरून साखळीत नाचायचा. लांब, छोटं, छोटं, एवढंच. उजवा पाय लांब, मग डावा, उजवा छोटे. एका फेरीत पावलं तीन, त्यामुळे पुढची फेरी आपोआप डाव्या पायाने सुरू होते. नवशिका अडतो तो इथेच: प्रत्येक वेळी उजव्यानेच सुरुवात करायला बघतो आणि शेजाऱ्याला धक्का देतो. दोन-चार गाणी कडेला उभं राहून जागच्या जागी पाय हलवा, मग साखळीत जा. उड्या मारायच्या नाहीत. पाय जमिनीलगत सरकवायचे आणि गुडघे सैल ठेवायचे.

साखळी उजवीकडे सरकते. म्हणून शेपटाकडून शिरा: शेवटच्या माणसाचा डावा हात मोकळा असतो, तो आपल्या उजव्या हातात घ्यायचा. कोपर वाकवून हात खांद्याइतके उंच ठेवा, पण शेजाऱ्यावर लटकू नका. मधल्या दोघांचे हात सोडवून घुसणं वाईट दिसतं. सगळ्यात पुढची जागा तर विसराच. पुष्कळदा तिथे असतो तो माणूस, ज्याने वादकांना पैसे देऊन ते गाणं सांगितलेलं असतं. त्याच्या करामतींना आधार म्हणूनच दुसऱ्या नंबरचा दोघांमधल्या रुमालाचं टोक घट्ट धरून उभा असतो.

सिरतोसनंतर अनेकदा बालोस हा जोडीचा नाच लागतो. साखळी सुटते आणि समोरासमोर जोड्या होतात. जोडीदार नसेल तर सरळ बाजूला व्हा.

इकारिया बेटावर पकड वेगळी: हात शेजाऱ्यांच्या खांद्यांवर. तिथला नाच इकारियोतिकोस हळू सुरू होतो म्हणून फसू नका, पुढे वेग इतका वाढतो की दम लागतो. १५ ऑगस्टच्या पानायियाच्या, म्हणजे मेरीमातेच्या, सणाला लांगादा गावी नाच रात्रभर चालतो, तेव्हा ताकद राखून ठेवा. वाइन आणि बोकडाचं मटण विकत घ्यायला कचरू नका. तिथल्या पानियीरींचा पैसा बहुधा गावाच्याच कामी लागतो.

कार्पाथोस किंवा क्रीटला गेलात तर व्हायोलिनच्या जागी बरेचदा लिरा दिसेल. तीन तारांचं हे वाद्य मांडीवर उभं धरतात आणि बोटांची नखं तारेच्या बाजूला टेकवून सूर काढतात. बघत राहावंसं वाटतं, पण नाचताना तिथेही कान लाऊतोकडेच.

आणि चपला नकोत. अंगण दगडी असतं, पायात घट्ट बसणारे सपाट बूट घाला.